हप्ता नव्हे, वर्षे मोजा

शास्त्रपाठ : नहेम्या ५:१-१३, लेवीय २५:१४-१६ व २९-३१, लूक १४:२८-३०

यरुशलेमेचा तट बांधण्याचे काम चालू असता नहेम्यापुढे एक गाऱ्हाणे आले. ते बाहेरच्या शत्रूविषयी नव्हते, तर आपल्याच बांधवांविषयी होते. दुष्काळात धान्य घेण्याकरिता कोणी आपली शेते, द्राक्षमळे व घरे गहाण टाकली होती. कोणी राजाचा कर भरण्यासाठी पैसे काढले होते. आणि कित्येकांच्या मुली दास्यात गेल्या होत्या व त्यांस सोडवून आणण्याचे सामर्थ्य आईबापांपाशी उरले नव्हते. तट वर चढत होता आणि तटाच्या आतील घरे एकामागून एक परक्याची होत होती. नहेम्याने हे ऐकले, मनात विचार केला, आणि सरदार व अधिकारी यांस सभेपुढे उभे करून शेते, घरे व घेतलेला शंभरावा हिस्सा परत करावयास लाविले.

हा शंभरावा हिस्सा म्हणजे दरमहा शेकडा एक असे व्याज, असा अर्थ पुष्कळ भाष्यकार करतात. तो धरिला तर वर्षाचे शेकडा बारा झाले. आज घरासाठी द. सा. द. शे. ९ दराने कर्ज काढिले तर ते शंभर रुपयांस दरमहा पाऊण रुपया पडते. दोहोंत फार अंतर नाही. तथापि एक भेद प्रामाणिकपणे सांगितला पाहिजे. त्या लोकांनी पोट भरण्यासाठी कर्ज काढिले होते, व त्यांच्या गरजेचा लाभ घेतला गेला. आज घर बांधण्यास कर्ज देणारी बँक कायद्याने चालते, दर लिहून देते, आणि तिच्या साह्याने पुष्कळांस डोक्यावर छप्पर मिळाले आहे. म्हणून कर्ज देणाऱ्याची निंदा करण्यास आम्ही ही लेखणी उचलिली नाही. कर्ज घेणाऱ्याने सही करण्यापूर्वी काय पाहावे, एवढेच सांगावयाचे आहे.

हा विषय आजच का? पुणे-सातारा रस्त्यावरील किकवी व तिच्या आसपासची गावे पाहा. पूर्वी गावठाणातील घरास लेखी पुरावा क्वचित असे, म्हणून ते तारण घेण्यास बँक सहसा धजत नसे. २०२० साली स्वामित्व योजना निघाली आणि गावठाणांची ड्रोनने मोजणी होऊन घरमालकांस मिळकत पत्रिका मिळू लागल्या. या मोजणीचा आरंभीचा प्रयोग आपल्याच जिल्ह्यात, पुरंदर तालुक्यातील सोनोरी येथे झाला. घराचे कागद हाती येणे हे मोठेच हित होय. पण कागद हाती आला की तो गहाणही ठेविता येतो. शिरवळ व खेड शिवापूर येथील कारखान्यांत पोरे कामास जातात, दरमहा पगार घेतात, आणि त्या पगारावर व वडिलांच्या घरावर कर्ज मिळते. ज्या घराच्या भिंती आजोबांनी उभारल्या, त्यावर आता नातवाची सही होते. म्हणून शास्त्राकडे वळून तीन गोष्टी पाहू.

१. हप्त्यावरून कर्जाची किंमत कळत नाही.

लेवीय पुस्तकाच्या पंचविसाव्या अध्यायात शेताच्या व्यवहाराचा एक नियम आहे. योबेल वर्षास जितकी वर्षे उरली असतील तितक्यांवरून किंमत ठरवावी. वर्षे अधिक तर मोल अधिक, वर्षे थोडी तर मोल थोडे. कारण देणारा वास्तविक जमीन देत नाही, तर तितक्या वर्षांची पिके देतो. देवाने आपल्या लोकांस मोजमाप शिकविले ते वर्षांचे. कर्ज घेणाराही तेच देतो. तो बँकेस केवळ रुपये देत नाही. अजून न उगवलेल्या वर्षांची आपली मजुरी देतो.

समजा, एका कुटुंबाने १० लाख रुपये द. सा. द. शे. ९ दराने २० वर्षांच्या मुदतीने घेतले. महिन्याचा हप्ता सुमारे ८,९९७ रुपये बसतो. पगार २५ हजार असेल तर घरातील सर्वांस वाटते, एवढे झेपेल. पण २४० हप्त्यांची बेरीज २१ लाख ५९ हजारांहून अधिक होते. मुद्दल दहा लाख, व्याज साडेअकरा लाखांवर. एक घर आपण बांधिले, आणि एकाहून अधिक घरांचे मोल व्याजात दिले.

आता हप्ता आतून कसा फुटतो ते पाहा. व्याज प्रथम जाते, मुद्दल मागाहून. पहिल्या महिन्याच्या ८,९९७ रुपयांपैकी ७,५०० रुपये व्याजात जातात आणि मुद्दल केवळ १,४९७ रुपयांनी कमी होते. पाच वर्षे एकही हप्ता न चुकविता भरले, म्हणजे सुमारे ५ लाख ४० हजार रुपये दिले, तरी ८ लाख ८७ हजार देणे उरते. दहा वर्षांनी १० लाख ८० हजार दिलेले असतात. म्हणजे जितके घेतले त्याहून अधिक दिले. तरी ७ लाख १० हजार शिल्लक असतात. निम्मे मुद्दल फिटावयास चौदा वर्षे लागतात. गृहप्रवेशाच्या दिवशी जे मूल चार वर्षांचे होते, ते अठरा वर्षांचे होईल तेव्हा कर्ज अर्ध्यावर येईल. यात कोणी लबाडी केली असे नाही. गणिताचा हा साधा नियम आहे. पण पाचव्या वर्षी नोकरी गेली, किंवा घर विकावे लागले, तर मनुष्यास वाटते की आपण बरेच फेडिले, आणि बँकेचा उतारा पाहून तो दचकतो.

जुन्या काळी मुंबई इलाख्यात हिंदू ऋणकोच्या बाबतीत न्यायालये दामदुपटीचा नियम पाळीत. थकलेले व्याज एका वेळी मुदलाहून अधिक मागता येत नसे. आजच्या हप्त्यांचा हिशेब त्या नियमाने चालत नाही. हप्ता थकला नाही, वचन मोडले नाही, तरी शेवटच्या बेरजेत व्याज मुदलाच्या पुढे जाते. म्हणून “महिन्याला किती?” हा प्रश्न पहिला नसावा. “किती वर्षे, आणि सगळे मिळून किती?” हा पहिला असावा.

२. मुदत वाढते तेव्हा कर्ज मुकाट्याने वाढते.

हप्ता हलका करण्याचा सोपा उपाय म्हणून मुदत लांबविली जाते. तेच दहा लाख त्याच दराने ३० वर्षांस घेतले, तर हप्ता सुमारे ८,०४६ रुपये होतो. महिन्यास ९५१ रुपये वाचले. पण एकंदर व्याज जवळजवळ १९ लाखांवर जाते, म्हणजे सात लाख सदतीस हजार रुपये अधिक. उलट १५ वर्षांस घेतले, तर हप्ता १०,१४३ रुपये होतो आणि व्याज सव्वाआठ लाखांच्या आसपास राहते. महिन्याच्या साडेअकराशे रुपयांनी पाच वर्षे व तीन लाखांहून अधिक रुपये वाचतात.

कित्येकदा मुदत आपण वाढवीत नाही. ती आपोआप वाढते. घरकर्जाचा दर बहुधा बदलता असतो. मे २०२२ ते फेब्रुवारी २०२३ या काळात रिझर्व्ह बँकेने आपला रेपो दर शेकडा ४ वरून ६.५० वर नेला. पुष्कळांचा हप्ता तोच राहिला, म्हणून घरात कोणास काही जाणवले नाही. पण दर वाढून हप्ता तोच राहिला, तर वाढतात ती वर्षे. वरील उदाहरणात आरंभीच दर ९ चा १० झाला व हप्ता न वाढविता ठेविला, तर २४० हप्त्यांचे ३१४ होतात. एका टक्क्याने सहा वर्षांहून अधिक काळ जोडिला. चाळिसाव्या वर्षी कर्ज घेणारा साठीत मोकळा व्हावयाचा, तो सहासष्टीत होतो. तोवर पगार राहील काय? ऑगस्ट २०२३ मध्ये रिझर्व्ह बँकेने असा नियम केला की दर बदलताच हप्ता व मुदत यांवर काय परिणाम होतो ते ऋणकोस कळवावे, आणि हप्ता वाढवावा की मुदत, हे निवडण्याची त्यास मोकळीक द्यावी. मोकळीक आहे, पण ती मागणाऱ्याच्या कामी येते, कागद न उघडणाऱ्याच्या नव्हे.

२०२० सालच्या साथीत हप्ते सहा महिने थांबविण्याची सवलत मिळाली. ज्यांची रोजी बुडाली त्यांस तिचा आधार झाला. पण थांबला तो हप्ता; व्याज थांबले नाही. व्याजावरील व्याज पुढे सरकारने परत केले, तरी मूळ व्याज राहिलेच. नव्याच घेतलेल्या अशा दहा लाखांच्या कर्जात सहा हप्त्यांचे ५४ हजार रुपये त्या वेळी हाती राहिले. आणि हप्ता तोच ठेविल्यास शेवटास चौतीस-पस्तीस हप्ते वाढले, म्हणजे सुमारे तीन लाख रुपये.

आमच्या जिल्ह्यास ही गोष्ट नवी नाही. १८५९ च्या मुदतीच्या कायद्याने साध्या खतावरील दाव्यास तीन वर्षांची मर्यादा घातली. शेतकऱ्याच्या हिताचा म्हणून केलेला हा कायदा उलटला. दर काही वर्षांनी जुने खत रद्द होई, थकलेले व्याज मुदलात मिळविले जाई, आणि नवे खत लिहिले जाई. अंगठा उठविणाऱ्यास वाटे, मुदत मिळाली. प्रत्यक्षात व्याजाचेच मुद्दल झालेले असे. १२ मे १८७५ रोजी, आजच्या बारामती तालुक्यातील सुपे येथे, बाजाराच्या दिवशी लोक उठले, आणि तेथे व पुढे अनेक गावी त्यांनी सावकारांची खते हिसकावून जाळिली. सरकारने चौकशीस आयोग नेमिला, आणि १८७९ साली दख्खनच्या शेतकऱ्यांच्या साह्याचा कायदा पुणे, सातारा, अहमदनगर व सोलापूर या जिल्ह्यांस लागू झाला. त्या कायद्याचा एक विशेष हा की न्यायाधीशाने केवळ खतावर न थांबता खताच्या मागे जाऊन व्यवहाराचा आरंभापासून हिशेब पाहावा. अशा रीतीने जाळपोळीनंतर कायद्याने जो हिशेब मागितला, तो ऋणकोने सही करण्यापूर्वी स्वतःच मागितला असता तर किती बरे झाले असते! पण त्या बिचाऱ्यास वाचावयास कोणी शिकविले नव्हते. आज आमच्या प्रत्येक घरात एक तरी मूल शाळेत जाते. आम्हांस ती सबब उरली नाही.

३. गहाण म्हणजे सोडविण्याचा हक्क. तो जपला पाहिजे.

लेवीय पुस्तकातच आणखी एक गोष्ट आहे. तटाच्या नगरातील घर विकले तर ते एका वर्षाच्या आत सोडविता येई, पुढे नाही. पण ज्या खेड्यांस तट नाही, तेथील घर शेतासारखे मानिले जाई, ते केव्हाही सोडविता येई, व योबेल वर्षी सुटे. गावच्या गरिबाचे घर कायमचे जाऊ नये, ही देवाची काळजी त्यात दिसते. आमच्या देशाच्या १८८२ च्या मालमत्ता हस्तांतरण कायद्यातही गहाण टाकणाऱ्यास कर्ज फेडून मिळकत सोडवून घेण्याचा हक्क आहे. पण बँकेने लिलावाची जाहीर नोटीस रीतीने प्रसिद्ध केली म्हणजे तो हक्क संपतो. आणि लिलावापर्यंतची वाट आता फार लांब राहिली नाही. २००२ सालच्या सरफेसी कायद्याप्रमाणे हप्ता ९० दिवसांहून अधिक थकला की कर्ज बुडीत वर्गात जाते, ६० दिवसांची नोटीस निघते, आणि त्यानंतर दिवाणी दावा न लाविता घराचा ताबा घेण्याची कारवाई करिता येते. सहकारी बँकांनाही हा कायदा लागू असल्याचे सर्वोच्च न्यायालयाने २०२० साली ठरविले. शेतजमिनीस तो लागू नाही. पण गावठाणातील घर म्हणजे शेतजमीन नव्हे, हे ध्यानात ठेवावे.

जामीन राहणाऱ्यानेही हे ऐकावे. नीतिसूत्रांचा कर्ता दुसऱ्यासाठी हात देणाऱ्यास सावध करितो, आणि १८७२ चा करार कायदा जामीनदारास ऋणकोइतकेच बांधून ठेवितो. “नुसती सही तर करावयाची आहे” असे म्हणून पाहुण्यांच्या कर्जास जामीन राहू नये. ज्याचे देणे आपण स्वतः फेडू शकू व फेडावयास तयार असू, त्याच्यासाठीच सही करावी.

मग घरासाठी कर्ज काढणे पाप आहे काय? आम्ही असे म्हणत नाही. भाडे भरूनही वर्षे जातातच, आणि स्वतःचे छप्पर म्हाताऱ्या आईबापांस व लेकरांस मोठा आधार असते. प्रभूने बुरूज बांधणाऱ्यास बांधू नको असे सांगितले नाही; आधी बसून खर्चाचा अंदाज कर, असे सांगितले. पाया घालून जो थांबतो त्याचे हसे होते. तर बसण्याची रीत कशी असावी?

पहिल्याने, घर ऐपतीच्या मापाने बांधावे. पाहुण्यांनी काय म्हणावे यासाठी बांधिलेल्या खोलीचे व्याज पाहुणे भरीत नाहीत. पक्के घर नसलेल्या पात्र कुटुंबास प्रधानमंत्री आवास योजनेच्या ग्रामीण भागातून सपाट प्रदेशात १ लाख २० हजार रुपयांचे साह्य ठरलेले आहे. ते कर्ज नव्हे. ग्रामपंचायतीत त्याची विचारपूस आधी करावी.

दुसऱ्याने, १ ऑक्टोबर २०२४ पासून घेतलेल्या अशा कर्जांत देणाऱ्या संस्थेने मुख्य तथ्यांचे विवरणपत्र ऋणकोस समजेल अशा भाषेत द्यावयाचे आहे. ते मराठीत मागावे. सर्व खर्च धरून वर्षाचा खरा दर काय, व सर्व मिळून किती द्यावयाचे, या दोन ओळी घरात मोठ्याने वाचाव्या. विम्याचा हप्ता कर्जातच मिळविला आहे काय, ते विचारावे. तीस हजारांचा विमा वीस वर्षांच्या कर्जात घातला तर नऊ टक्क्यांनी तो जवळजवळ पासष्ट हजारांस पडतो.

तिसऱ्याने, हा हिशेब घरच्या बाईपुढे व्हावा. पुष्कळ ठिकाणी पत्नीची सही सहऋणको म्हणून घेतात, आणि तिला सांगतात ते एवढेच की इथे सही कर. जी वीस वर्षे त्या घरातील चूल चालविणार, तिला आकडे आधी कळले पाहिजेत. घरात तिजपेक्षा चांगला हिशेबनीस बहुधा नसतोच.

चौथ्याने, सवड मिळेल तेव्हा मुदलावर घाव घालावा. वरील कर्जात आरंभापासून दरमहा एक हजार रुपये अधिक भरले, तर ते साडेपंधरा वर्षांत फिटते आणि सुमारे तीन लाख रुपये वाचतात. बदलत्या दराचे घरकर्ज व्यक्तीने मुदतीपूर्वी फेडिले तर दंड घेऊ नये, असा नियम रिझर्व्ह बँकेने २०१२ सालीच बँकांस घालून दिला आहे. दर उतरतो तेव्हा, जसा तो २०२५ साली उतरला, हप्ता कमी करून घेऊ नये. तोच ठेवून मुदत कमी करून घ्यावी. कापणीचा पैसा, दिवाळीचा बोनस, सण थोडक्यात करून वाचलेली रक्कम, हे सर्व पहिल्या वर्षांत मुदलात टाकिले तर सर्वांत अधिक फळ देते.

पाचव्याने, अडचण आली तर लपवू नये. एक हप्ता थकताच बँकेत जाऊन लेखी सांगावे. नव्वद दिवस होऊ देऊ नयेत. हप्ता भरण्यासाठी दुसरे कर्ज काढणे म्हणजे १८७५ पूर्वीचे खत पुन्हा लिहून देणेच होय.

शेवटी, कर्ज फिटले की कागद परत घ्यावे. डिसेंबर २०२३ पासूनचा नियम असा की पूर्ण फेड झाल्यावर ३० दिवसांत मूळ कागद परत मिळावे, व देणाऱ्याच्या दोषाने उशीर झाल्यास दर दिवसास ५,००० रुपये भरपाई द्यावी. मिळकत पत्रिकेवरील बोजाही कमी करून घ्यावा. नाहीतर वडिलांनी फेडिलेले कर्ज मुलांस पुन्हा सिद्ध करीत बसावे लागते.

बंधुभगिनींनो, आमच्या मराठी भाषेत गहाणाविषयी ‘सोडविणे’ हा शब्द आहे, आणि शास्त्रात आमच्या तारणाविषयीही तोच शब्द येतो. ज्याने मोल देऊन आम्हांस सोडविले, त्याचे आम्ही आहो. आमची वर्षे त्याची आहेत. ती वर्षे दुसऱ्याच्या हाती लिहून देण्याचा प्रसंग आला, तर ती मोजून द्यावी; न मोजता नव्हे. आणि नहेम्याकडे पुन्हा पाहा. त्याने लोकांस केवळ उपदेश केला नाही. त्याने सभा बोलाविली, व आपण स्वतः आणि आपल्या भावांनी दिलेल्या कर्जावरील व्याज सोडण्यासही तो सिद्ध झाला. आमच्या मंडळ्यांतही ज्यास आकडे कळतात, त्याने ज्यास कळत नाहीत त्याच्या ओसरीवर एक संध्याकाळ बसावे. शाळेत शिकणाऱ्या मुलीने आजोबांस विवरणपत्र वाचून दाखवावे. वडील मंडळींनी लग्नाच्या बोलण्यात घराच्या मजल्यांपेक्षा घरावरील बोजा किती, हे विचारण्याची लाज धरू नये. पौलाने रोमकरांस लिहिले त्याचा भाव हा की कोणाचे देणे उरू देऊ नये; एक प्रीतीचे देणे मात्र कधी फिटावयाचे नाही. शेजाऱ्याचा हिशेब त्याच्यासंगे बसून करणे हा त्या देण्याचाच एक हप्ता होय, आणि तो भरण्यास मुदत लांबवू नये.

ज्याने तट नसलेल्या गावांच्या घरांची काळजी वाहिली, तो देव आपल्या घरांचे रक्षण करो, आणि आपणांस आपले दिवस मोजण्याचे शहाणपण देवो. आमेन.